‘शर्विल’ या नावाचा नेमका अर्थ काय, आणि ते आले कुठून?

आत्याबाई, विलेपार्ले

नमस्कार. माझ्या धाकट्या भावाला गेल्या आठवड्यात मुलगा झाला असून येत्या रविवारी मुलुंडला बारसे आहे. बाळाच्या कानात नाव सांगण्याचा आणि त्याबद्दल पाठीत धपाटे खाण्याचा मान आत्या म्हणून माझा आहे. त्यामुळे जे नाव मी सांगणार ते काय आहे हे मला ठाऊक असावे, एवढीच माझी इच्छा आहे.

भावाने आणि वहिनीने ‘शर्विल’ हे नाव पक्के केले आहे. वहिनीला सातवा महिना असताना ठाण्याहून सुटलेल्या लोकलच्या महिला डब्यात एक बाई दाराकडे सरकणाऱ्या आपल्या मुलाला ‘शर्विल, मागे हो, शर्विल’ अशा हाका मारत होत्या आणि घाटकोपर येईपर्यंत त्या हाका थांबल्या नव्हत्या. ते नाव तेव्हापासून वहिनीच्या कानात बसले आहे. ऐकायला ते गोड आहे, नात्यात आणि इमारतीत दुसऱ्या कोणाचे नाही, आणि गुरुजींनी पत्रिकेवरून शततारकेचा दुसरा चरण म्हणून ‘सा’ हे अक्षर काढून दिल्यावर ‘श’ चालेल असेही सांगितले. म्हणजे त्या बाजूनेही अडचण उरली नाही.

अडचण आमच्या बाबांची आहे. ज्या नावाचा अर्थ सांगता येत नाही ते ठेवू नये, असे त्यांचे म्हणणे आहे. मी नावांची जी संकेतस्थळे पाहिली त्यांपैकी एकावर ‘शर्विल म्हणजे श्रीकृष्ण’ असे होते, दुसऱ्यावर ‘शिव’, तिसऱ्यावर ‘पवित्र, तेजस्वी’, आणि चौथ्यावर अर्थाऐवजी शुभ अंक आणि शुभ रंग दिले होते. घरातल्या जुन्या मराठी शब्दकोशात ‘शर्वरी’ सापडली, शर्विल नाही. तेव्हा जाणकारांनी कृपया सांगावे: हा शब्द संस्कृत आहे का, श्रीकृष्ण हा अर्थ खरा आहे का, आणि शर्वरीचे पुल्लिंगी रूप म्हणून कोणी ते तयार केले असावे का?

गिरगावकर मास्तर

आत्याबाई, अभिनंदन. मी तीस वर्षे शाळेत संस्कृत शिकवले आणि शेवटच्या काही वर्षांत हजेरीपट वाचताना दर जूनमध्ये मला अशीच कोडी पडत असत, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

‘शर्विल’ हा शब्द जसाच्या तसा जुन्या कोशांत मिळणार नाही, पण त्याचा पूर्वार्ध अतिशय जुना आणि मातब्बर आहे. ‘शर्व’ हे शिवाचे नाव आहे. अमरकोशात शिवाची नावे सुरू होतात तिथे ‘शम्भुरीशः पशुपतिः शिवः शूली महेश्वरः’ या ओळीपाठोपाठ ‘ईश्वरः शर्व ईशानः शङ्करश्चन्द्रशेखरः’ अशी ओळ येते. श्रावणी सोमवारी बाबुलनाथाच्या किंवा वाळकेश्वराच्या देवळात रुद्र म्हटला जात असताना तुम्ही कधी उभ्या राहिला असाल, तर ‘नमो भवाय च रुद्राय च नमः शर्वाय च पशुपतये च’ हे शब्द तुमच्या कानांवरून नक्की गेले असतील. अथर्ववेदात तर भव आणि शर्व ही जोडगोळीच आहे. ‘भवाशर्वौ मृडतं’, म्हणजे भव-शर्वांनो, आमच्यावर कृपा करा, अशी विनवणी करून एक अख्खे सूक्त सुरू होते. शतपथ ब्राह्मण या वैदिक ग्रंथाने आणखी एक मजेदार नोंद करून ठेवली आहे. एकाच देवाला पूर्वेकडचे लोक शर्व म्हणतात आणि बाहीक, म्हणजे पंजाबाकडचे लोक, भव म्हणतात, असे तिथे सांगितले आहे. नावांच्या प्रांतवार आवडीनिवडी तेव्हाही होत्या, एवढे त्यावरून कळते.

आता अर्थ. परंपरेने शर्व हा शब्द ‘शॄ’ या धातूपासून साधतात आणि त्या धातूचा अर्थ हिंसा करणे, मोडून टाकणे असा आहे. शर म्हणजे बाण आणि शरु म्हणजे बाण किंवा फेकून मारायचे शस्त्र, हे शब्द त्याच घरातले मानतात. वेदातला शर्व हा धनुर्धर आहे, तो बाण सोडतो, म्हणूनच त्याची एवढी मनधरणी केलेली दिसते. आपल्या पारशी शेजाऱ्यांच्या वेंदिदाद या ग्रंथात ‘सौर्व’ नावाचा एक दएव, म्हणजे राक्षस, येतो तो याच शब्दाचा इराणी भाऊ समजला जातो. तिकडे इंद्राचीही तीच गत झालेली आहे, त्यामुळे घाबरण्याचे कारण नाही. पुढे शिवाच्या आठ मूर्ती ठरल्या तेव्हा शर्वाच्या वाट्याला पृथ्वी आली. पार्थिव पूजेत ‘शर्वाय क्षितिमूर्तये नमः’ असे म्हणतात, म्हणजे तुमच्या भाच्याच्या नावातला देव बाण मारणारा आहे तसाच तो पायाखालची जमीनही आहे. बाबांना हा दुसरा अर्थ आधी सांगावा, असे मी सुचवीन.

श्रीकृष्ण हा अर्थ मात्र सरळ नाही. तरी तो अगदी हवेतून आला असेल असेही मला वाटत नाही. विष्णुसहस्रनामाच्या पहिल्या तीस नावांतच ‘सर्वः शर्वः शिवः स्थाणुः’ अशी नावे येतात. तिथे शर्व हे विष्णूचे नाव आहे आणि प्रलयकाळी सर्व प्रजांचा संहार करतो तो शर्व, असा त्याचा अर्थ शांकरभाष्याने दिला आहे. शर्व म्हणजे विष्णू, विष्णू म्हणजे कृष्ण, अशी पायरी पायरीने कोणीतरी ती उतरंड रचली असावी आणि पुढच्यांनी ती उतरवून घेतली असावी. ‘पवित्र, तेजस्वी’ याला मात्र काहीच आधार नाही. हे दोन शब्द त्या संकेतस्थळांवर निम्म्या नावांपुढे असतात, जसे पूर्वी प्रत्येक पत्रिकेत ‘मुलगा मातृभक्त निघेल’ हे असायचेच.

एक महाराष्ट्राजवळचे उदाहरण देऊन थांबतो. राष्ट्रकूटांचा जो प्रसिद्ध राजा पहिला अमोघवर्ष म्हणून ओळखला जातो, ज्याने इ.स. ८१४ पासून चौसष्ट वर्षे राज्य केले, त्याचे पाळण्यातले नाव शर्व असेच होते. अमोघवर्ष ही पदवी. राज्यावरचे संकट टळावे म्हणून त्याने आपल्या डाव्या हाताचे बोट महालक्ष्मीला अर्पण केले, असे संजाणच्या ताम्रपटात लिहिले आहे आणि ती महालक्ष्मी म्हणजे कोल्हापूरची अंबाबाई, असे अभ्यासक मानतात. हे संजाण म्हणजे आपल्या पश्चिम रेल्वेवर डहाणू, घोलवड, उंबरगाव गेले की येते तेच. शर्व हे नाव आपल्या भागात बाराशे वर्षांपूर्वी एका राजघराण्यातल्या बाळाला ठेवलेले होते, ही गोष्ट बाबांना पटण्यासारखी आहे. राहिला प्रश्न शेवटच्या ‘इल’चा. त्याबद्दल माझ्याहून अधिक व्याकरण जाणणाऱ्याने लिहावे.

तिसरी घंटा

मास्तरांनी फार सुरेख लिहिले आहे आणि मला त्यात विरजण घालायचे नाही, पण बारशाच्या दिवशी एखाद्या काकांनी सर्वांसमोर सांगण्यापेक्षा आधी इथे कळलेले बरे. संस्कृत वाङ्मयात ‘शर्विल’ या रूपाच्या सर्वांत जवळ जाणारे जे नाव सापडते ते एका चोराचे आहे. शूद्रकाच्या मृच्छकटिकातला शर्विलक. गोविंद बल्लाळ देवलांनी ते नाटक संगीत मराठीत आणल्यामुळे आपल्याकडे जुन्या नाट्यवेड्या मंडळींना हे पात्र तोंडपाठ असते, आणि तुमचे बाबा त्यांच्यापैकी असतील तर त्यांना अजून ते कसे आठवले नाही याचेच मला आश्चर्य वाटते.

तिसऱ्या अंकात हा शर्विलक रात्री नाटकाचा नायक चारुदत्त याच्या घराची भिंत फोडतो. भिंत फोडण्यापूर्वी तो ज्या गांभीर्याने भोकाच्या आकाराचा विचार करतो, कमळासारखे करावे की सूर्यासारखे, स्वस्तिकासारखे की भरल्या घड्यासारखे, ते पाहून स्थापत्याचा विद्यार्थीही लाजेल. भिंत भाजलेल्या विटांची आहे म्हणून तो घड्याचा आकार पसंत करतो. मापाची दोरी घरी विसरल्याचे लक्षात येते, तेव्हा तो गळ्यातले जानवे काढून त्याने माप घेतो आणि वर म्हणतो की जानवे हे ब्राह्मणाचे मोठे उपयोगी साधन आहे. आपण चार वेद जाणणाऱ्या आणि कोणाचे दान न घेणाऱ्या बापाचे पुत्र आहोत, हेही तो त्याच घरात शिरल्यावर सांगतो.

त्याच्या बाजूने एवढे सांगायलाच हवे की तो पोटासाठी चोरी करत नाही. नायिका वसंतसेना हिची दासी मदनिका हिला दास्यातून सोडवायला त्याला द्रव्य हवे असते. चोरलेले दागिने वसंतसेनेचेच निघतात, ते तो परत करतो आणि मदनिका मोकळी होते. लग्न होऊन गाडीत बसतो न बसतो तोच आपला मित्र आर्यक कैदेत पडल्याचे त्याला कळते, आणि नव्या नवरीला पुढे पाठवून तो मित्राला सोडवायला निघतो. शेवटच्या अंकात सुळाकडे नेलेल्या चारुदत्तापर्यंत राज्य पालटल्याची बातमी घेऊन येणाराही तोच असतो. नाटकात एवढा मोठा प्रवास नायकाचाही नाही, असे मी मानतो. तरीपण चोर तो चोर, निर्णय तुमचा.

आत्याबाई, विलेपार्ले

दोघांचेही मनापासून आभार. मास्तरांचे उत्तर काल रात्री बाबांना मोठ्याने वाचून दाखवले, तेव्हा अमोघवर्षाच्या बोटापर्यंत ते अगदी खूश होते. आज सकाळी चहाच्या वेळी दुसरे उत्तर वाचायला घेतले आणि पहिल्याच परिच्छेदात त्यांनी कप खाली ठेवला. ‘अगं, शर्विलक! साहित्य संघात पाहिला होता की मी,’ असे म्हणून त्यांनी जानव्याने माप घेण्याचा तो सगळा प्रवेश हवेत बोटे फिरवून करून दाखवला, आणि झाल्यावर शांतपणे म्हणाले, ‘नातवाला हे नाव नको.’ वहिनी फोनवर काही बोलली नाही, पण ती गप्प बसते तेव्हा ती हललेली नसते, हे आता आम्हाला माहीत झाले आहे.

म्हणून आणखी एक विचारते. शर्विलक या नावातूनच ‘क’ काढून शर्विल झाले आहे, असे समजायचे का?

शर्विलची आई, डोंबिवली

माझा मुलगा शर्विल आता नऊ वर्षांचा आहे. हे नाव चोराचे असल्याचे मला आजवर कोणीही सांगितलेले नाही. मलाही ते आज इथेच कळले. आम्हाला जो त्रास झाला तो वेगळाच. शाळेत त्याला एक बाई ‘शारविल’ म्हणतात, दुसऱ्या ‘सर्विल’ म्हणतात, आणि घरी सामान आणून देणारी मुले फोनवर ‘शरवील मॅडम आहेत का’ असे विचारतात. इंग्रजीत लिहिताना सुरुवातीच्या ‘श’साठी ‘एस’नंतरचा ‘एच’ कोणाकडून गळला की जे उरते ते लाचार या अर्थाच्या इंग्रजी शब्दाच्या फार जवळ जाते, एवढे मात्र लक्षात ठेवावे. मुलाला स्वतःला नाव आवडते. वर्गात तीन आरव आहेत आणि शर्विल एकच, यात तो समाधानी आहे.

वासूचा नातू, पुणे (मूळचे दादर)

आत्याबाई, तुमचा शेवटचा प्रश्न नेमका आहे आणि त्याचे उत्तर बाबांच्या बाजूने नसून वहिनींच्या बाजूने आहे. ‘क’ काढून शर्विल झालेले नाही. शर्विल आधी आणि त्याला ‘क’ लागून शर्विलक नंतर, असे समजायला व्याकरणात चांगली मोकळी जागा आहे. मास्तरांनी ‘इल’चा प्रश्न सोडून दिला होता तो इथे घेतो.

आपल्याकडे लांब नावाचे लाडके रूप कसे करतात ते आधी पाहा. पांडुरंगाचा पांडू, रघुनाथाचा रघू, सदाशिवाचा सदू, वासुदेवाचा वासू. माझ्या आजोबांना वयाच्या पंच्याऐंशीव्या वर्षीही त्यांची थोरली बहीण वासूच म्हणत असे. या सगळ्यांत एकच कृती आहे: नावातले पहिले दोन स्वर ठेवायचे, पुढचे सगळे कापून टाकायचे, आणि शेवटी लाडाचा एक स्वर चिकटवायचा. ही कृती आपल्या आज्यांनी शोधून काढली असे आपण समजतो, परंतु पाणिनीने ती सूत्रांत बांधून ठेवलेली आहे. त्याच्या अष्टाध्यायी या व्याकरणग्रंथाच्या पाचव्या अध्यायाच्या तिसऱ्या पादात ‘अनुकम्पायाम्’ असे एक सूत्र आहे, म्हणजे माया किंवा कळवळा दाखवायचा असताना. त्याच्या पुढे दोनांहून अधिक स्वर असलेल्या माणसाच्या नावाला कोणते प्रत्यय लागतात ते सांगितले आहे, त्यांत ‘घनिलचौ च’ हे सूत्र येते आणि त्यातला एक प्रत्यय ‘इल’ हा आहे. मूळ नावाचा दुसऱ्या स्वरापुढचा भाग तेव्हा गळतो, हेही जवळच्याच सूत्रात सांगून ठेवले आहे. काशिकावृत्ती या अष्टाध्यायीवरच्या जुन्या टीकेने दिलेली उदाहरणे अशी की देवदत्त या नावाची लाडकी रूपे देविक, देविय आणि देविल, तर यज्ञदत्ताचा यज्ञिल.

आता देवदत्ताच्या जागी शर्वदत्त हे नाव ठेवा. ‘दत्त’ गळला, ‘शर्व’ उरला, त्याला ‘इल’ लागला: शर्विल. एक अक्षर इकडचे तिकडे करावे लागत नाही. शर्वदत्त म्हणजे शिवाने दिलेला, आणि त्याला आईने मायेने मारलेली हाक म्हणजे शर्विल. शूद्रकाच्या चोरालाही त्याच्या त्या चतुर्वेदी बापाने पाळण्यात असेच काहीतरी भारदस्त नाव ठेवलेले असणार आणि शर्विलक हे त्याचे घरगुती रूप असणार, असे मी समजतो. भासाच्या नावावर असलेल्या चारुदत्त नाटकात याच चोराचे नाव ‘सज्जलक’ असे आहे. म्हणजे चोरी त्या पात्राला चिकटलेली आहे, नावाला नव्हे.

बाबांना दुसरा एक शर्व द्यायचा झाला तर शर्ववर्म्याचा द्यावा, कारण तो पैठणचा आहे. ही हकिकत कथासरित्सागरात आहे. सातवाहन राजा राण्यांबरोबर जलक्रीडा करत असताना एक राणी पाण्याच्या माऱ्याने दमून त्याला म्हणते, ‘मोदकैः मला मारा.’ तिला म्हणायचे असते ‘मा उदकैः’, म्हणजे पाण्याने मारू नका. संधी न कळलेला राजा मोदकांची ताटे मागवतो आणि राणी त्याला हसते. त्या लाजेने अंथरूण धरलेल्या राजाला त्याच्या पदरचा पंडित गुणाढ्य सांगतो की सहा वर्षांत व्याकरण शिकवतो, तर शर्ववर्मा सांगतो की सहा महिन्यांत. शर्ववर्मा कार्तिकेयाला प्रसन्न करून घेऊन पैज जिंकतो आणि त्याचे ते सोपे व्याकरण म्हणजे कातंत्र. (जाता जाता: आपला शर्विलकही भिंत फोडण्यापूर्वी कार्तिकेयालाच नमस्कार करतो. व्याकरणकार आणि चोर यांचा देव एकच असावा, याचे मला फारसे नवल वाटत नाही.) या शर्ववर्म्याच्या आईने त्याला मायेने हाक मारली असती तर पाणिनीच्या नियमाने ती ‘शर्विल’ अशीच मारता आली असती.

इथे एक सावधगिरीची सूचना करतो. आजच्या आईबापांनी पाणिनी उघडून हे नाव तयार केले, असे माझे म्हणणे मुळीच नाही. निखिल, कपिल, अनिल, स्वप्निल या नावांचा शेवट कानाला सवयीचा झालेला होता, त्यात शर्व घातला, एवढेच बहुधा घडले असावे. खरे पाहता त्या नावांतला ‘इल’ प्रत्येक ठिकाणी वेगळा आहे. निखिलमध्ये ‘नि’ आणि ‘खिल’ असे तुकडे पडतात, म्हणजे ज्यात काही उणे राहिलेले नाही तो, आणि अनिल हा श्वास घेणे या अर्थाच्या ‘अन्’ धातूतून आलेला आहे. पण कानाने केलेले काम व्याकरणाच्या साच्यात अचूक बसले, असे नव्या नावांच्या बाबतीत फार क्वचित घडते. शर्विलच्या बाबतीत ते घडले आहे.

शर्वरीचे मात्र नाते जोडू नये. शर्वरी म्हणजे रात्र; तिचे पुल्लिंगी रूप व्याकरणात ‘शर्वन्’ असे होते. शिवाच्या शर्वाचे स्त्रीलिंगी रूप शर्वाणी, म्हणजे पार्वती. पुढेमागे भाची झाली तर तेही हाताशी असू द्या.

दुसरी वेलांटी, परळ

अर्थाचा निकाल लागला आहे, म्हणून मी फक्त लिहिण्याबद्दल सांगते; मुद्रितशोधन हा माझा व्यवसाय आहे आणि याच्याशी मिळत्याजुळत्या नावाने, म्हणजे माझ्या मुलीच्या ‘शर्वरी’ने, मला एकदा चांगलाच धडा शिकवला आहे.

नाव ‘शर्विल’ असेच, पहिल्या वेलांटीने लिहावे. मराठी अकारान्त शब्दांत शेवटून दुसरे अक्षर इकारान्त असेल तर ते दीर्घ लिहायची आपल्याला सवय असते, वकील, जमीन, बहीण यांसारखे, आणि त्या ओघात ‘शर्वील’ असे लिहिले जाते. पण तत्सम शब्दांना मुळाप्रमाणे ठेवतात: कपिल, अनिल, जटिल, फेनिल. वर सांगितलेली व्युत्पत्ती मान्य केली तर हे रूप तत्समच ठरते. ‘सुनील’कडे बोट दाखवून कोणी वाद घातला तर त्याला सांगावे की तिथे मुळातच ‘नील’ हा शब्द दीर्घ आहे.

दुसरे असे की या नावात रफार आणि पहिली वेलांटी एकाच ‘व’वर येतात. वेलांटी ‘व’च्या आधी उभी राहते, रफार तिच्या टोकावरून ‘व’च्या डोक्यावर बसतो, आणि टंकलेखन करणाऱ्याने क्रम चुकवला की रफार ‘ल’वर जाऊन ‘शविर्ल’ असे काहीतरी होते. जन्माच्या दाखल्याचा मसुदा दाखवतील तेव्हा मराठी आणि इंग्रजी अशी दोन्ही नावे अक्षर अक्षर लावून वाचावीत. आमच्या वेळी एका कार्यालयात ‘शर्वरी’ची ‘सर्वरी’ झाली आणि सही करताना मी बाळाला सांभाळत होते. ती एक ‘स’ दुरुस्त करायला प्रतिज्ञापत्र, अर्ज आणि सात-आठ फेऱ्या लागल्या.

घाईही नाही. जन्माची नोंद एकवीस दिवसांत व्हावी लागते, पण ती बाळाच्या नावाशिवाय होऊ शकते. नाव बारा महिन्यांपर्यंत विनाशुल्क आणि त्यापुढे पंधरा वर्षांपर्यंत शुल्क भरून घालता येते. मात्र एकदा नोंदवलेले नाव मन बदलले म्हणून बदलून मिळत नाही. १ ऑक्टोबर २०२३ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांना शाळाप्रवेशापासून पारपत्रापर्यंत जन्मतारखेचा पुरावा म्हणून हाच दाखला लागतो, तेव्हा त्यावर जे छापले जाईल तेच नाव पुढे सगळीकडे जाईल.

आत्याबाई, विलेपार्ले

सर्वांचे आभार. ‘वासूचा नातू’ यांचे उत्तर बाबांना वाचून दाखवले तेव्हा त्यांनी मध्ये थांबवून एकच प्रश्न विचारला, की सदाशिवाचा सदू हे खरोखर पाणिनीच्या नियमाने होते का. बाबांचे नाव सदाशिव आहे आणि त्यांची आई त्यांना सदूच म्हणत असे, हे मी इथे आधी सांगितलेले नव्हते. मी म्हटले, प्रत्यय वेगळा आहे पण कापण्याची जागा तीच आहे. त्यानंतर त्यांनी शर्विलकाचा विषय काढला नाही. दुपारी मात्र त्यांनी स्वतः भावाला फोन करून सांगितले की पत्रिकेत नाव शर्वदत्त लिहा आणि हाक शर्विल मारा. त्यावर वहिनी म्हणाली की पत्रिकेत काहीही लिहा, दाखल्यावर शर्विलच राहील, आणि दोघांचेही समाधान झालेले दिसते.

अर्थ कोणी विचारला तर ‘शर्व म्हणजे शिव, आणि शर्विल हे शर्वदत्ताचे लाडके रूप’ असे सांगायचे मी ठरवले आहे. श्रीकृष्णाचे नाव घेणार नाही. पाळण्यावर लावायच्या थर्माकोलच्या नावाचा नमुना दादरच्या दुकानातून आज सकाळी फोनवर आला, त्यात दुसरी वेलांटी होती आणि रफार ‘ल’वर होता. तो परत पाठवला आहे. उद्या संध्याकाळी नवीन देतो म्हणाले आहेत.